मदत हवी आहे: परळच्या दामोदर नाट्यगृहातल्या जुन्या प्रयोगांच्या नोंदी कुठे मिळतील?

नमस्कार मंडळी. परळचं दामोदर नाट्यगृह १९२२ चं, कामगार नेते ना. म. जोशींच्या सोशल सर्व्हिस लीग या समाजसेवी संस्थेचं. कामगार रंगभूमी, कोकणातून येणारी नमनं, शक्ती-तुरा यांसारख्या लोककला, सगळं तिथं झालं. मला १९५० ते १९७० या काळातल्या प्रयोगांची यादी करायची आहे. कोणती हौशी मंडळी तिथं पहिला प्रयोग लावून मग गावोगावी दौऱ्यावर जायची आणि गावाकडची कोणती पथकं मुंबईत यायची, एवढाच मुद्दा. इमारतीचा इतिहास नको, पुनर्विकासाचा वाद तर मुळीच नको.

आतापर्यंत दादरच्या ग्रंथालयाच्या संदर्भ विभागात 'लोकसत्ता' आणि 'नवशक्ति'चे काही महिने चाळले. अडचण अशी की जाहिराती दिल्या त्या व्यावसायिक कंपन्यांनी. गिरणीतली मंडळी हँडबिलं वाटून, चाळीत तिकिटं खपवून नाटक उभं करायची, त्यामुळे पेपरात त्यांचा मागमूसच नाही. लालबागच्या दोन-तीन जुन्या कलाकारांशी बोललो. आठवणी भरपूर, पण तारखा एकाही जुळत नाहीत! (यात त्यांचा काय दोष?)

कामगार कल्याण केंद्रांच्या नाट्यस्पर्धांची माहिती आहे, ती वगळून सांगा. मी नागपूरला असतो, मुंबईत फार तर चार दिवस काढता येतील.

त्या काळी प्रयोगाआधी संहिता परिनिरीक्षणाला (म्हणजे सरकारी तपासणीला) जायची आणि पोलीस परवानाही लागायचा. ते अर्ज किंवा नोंदवह्या आज कुठल्या दप्तरात असतील, आणि बाहेरच्या अभ्यासकाला त्या पाहायला मिळतात का?