टर्बो पेट्रोलला कोणतं इंजिन ऑइल? मॅन्युअलमध्ये ५डब्ल्यू-३०, गॅरेजवाले म्हणतात १५डब्ल्यू-४०

वर्धारोड
नमस्कार मंडळी. गाडी १ लिटर, तीन सिलिंडर, डायरेक्ट इंजेक्शन टर्बो पेट्रोल. रीडिंग ३८,००० किमी, वॉरंटी संपलेली. मॅन्युअलमध्ये ५डब्ल्यू-३० हा दाटपणाचा ग्रेड आणि एपीआय एसपी किंवा आयएलसॅक जीएफ-६ हा ऑइलचा दर्जा लिहिलाय. खालच्या तापमानाच्या तक्त्यात ५डब्ल्यू-४० सुद्धा आहे. फिल्टरसह ३.६ लिटर. बदलायची मुदत १०,००० किमी किंवा १ वर्ष.

वापर नागपूर शहरात रोज जाऊन-येऊन १० किमी, म्हणजे एका वेळी ५. महिन्यातून एकदा समृद्धीवरून लांबचा प्रवास. जवळच्या गॅरेजमध्ये सांगतात की आपल्याकडे मे महिन्यात ४५ अंश असतं, पातळ ऑइल टिकत नाही, १५डब्ल्यू-४० टाका. प्रश्न तीन:
१) उन्हाळ्यासाठी खरंच जाड ऑइल हवं का?
२) डब्यावर "फुल सिंथेटिक" लिहिलेलं असलं की पुरे का?
३) डिपस्टिकवर ऑइल कमी होण्याऐवजी वरच्या खुणेच्याही थोडं वर दिसतंय आणि पेट्रोलचा वास येतो. हे चालतं का?

तेलपाणी
तिसरा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा आहे, पण आधी जाड-पातळचा घोळ मिटवू.

बाहेर ४५ अंश असो की १५, गरम झालेल्या इंजिनात कूलंट थर्मोस्टॅटमुळे ९० च्या आसपास राहतं आणि सम्पमधलं, म्हणजे इंजिनच्या तळाच्या भांड्यातलं, ऑइल ९० ते ११० मध्ये फिरतं. उन्हाळ्याने त्यात काही अंशांची भर पडते, ३० अंशांची नाही. म्हणून "नागपूरला जाड, महाबळेश्वरला पातळ" असा हिशोब लागत नाही. डब्ल्यूच्या आधीचा आकडा फक्त थंडीतल्या स्टार्टचा, नंतरचा गरम ऑइलच्या दाटपणाचा. १५डब्ल्यूची क्रँकिंग चाचणी उणे २० ला होते आणि ५डब्ल्यूची उणे ३० ला. नागपूरच्या थंडीत दोन्ही चालू होतील, त्यामुळे थंडीचं कारण देऊन १५डब्ल्यू नाकारणंही बरोबर नाही. नाकारायची कारणं वेगळी आहेत.

पहिलं कारण एलएसपीआय, म्हणजे कमी आरपीएमला, जास्त लोडवर, स्पार्क पडायच्या आधीच पेट्रोल पेटणं. साधारण १,५०० ते २,५०० आरपीएमच्या पट्ट्यात, वरच्या गिअरमध्ये पेडल दाबलं की टर्बो पूर्ण बूस्ट देतो. त्या वेळी पिस्टन आणि लायनरच्या (सिलिंडरच्या आतल्या भिंतीच्या) फटीत साचलेला ऑइल-पेट्रोलचा थेंब उडतो आणि ठिणगीचं काम करतो. हे साधं नॉकिंग नव्हे. एका झटक्यात रिंगांमधली पिस्टनची कड तुटू शकते. ऑइलमधलं कॅल्शियमचं डिटर्जंट याला मदत करतं, म्हणून नव्या फॉर्म्युल्यात कॅल्शियम कमी करून मॅग्नेशियम घेतलं. एलएसपीआयच्या चाचणीसह एपीआय एसएन प्लस २०१८ मध्ये आलं, एसपी २०२० मध्ये. एसपीत टायमिंग चेनच्या झिजेची चाचणीही जोडली, कारण डायरेक्ट इंजेक्शनची काजळी ऑइलमध्ये उतरून चेन खाते. २०२५ पासून एसक्यू मिळू लागलं, त्यात वापरून जुन्या झालेल्या ऑइलवरही एलएसपीआयची चाचणी आहे. एसक्यू मिळालं तर बेधडक घ्या, ते एसपीच्या जागी चालतं.

आता गॅरेजमधलं १५डब्ल्यू-४० बहुतेक वेळा काय असतं? डिझेलचं, सीआय-४ वगैरे, कॅल्शियम भरपूर. ट्रकसाठी ते उत्तम आहे. तुमच्या इंजिनात ते चुकीचं आहे, आणि जाडपणा हे त्यातलं सर्वात छोटं कारण.

दुसरं कारण, व्हॉल्व्हची वेळ मागेपुढे करणारे व्हीव्हीटीचे फेजर, चेन ताणून धरणारा हायड्रॉलिक टेन्शनर, पिस्टनखाली फवारा मारणारे जेट, हे सगळं ठरलेल्या दाटपणावर बेतलेलं असतं. टर्बोचा शाफ्ट मिनिटाला २ लाखांच्या आसपास फिरतो आणि बहुतेक टर्बोंत तो ऑइलच्या थरावर तरंगणाऱ्या बुशिंगमध्ये असतो. तिथे ऑइल नुसतं असून भागत नाही. ते सतत वाहून उष्णता बाहेर न्यावी लागते, आणि जाड ऑइल कमी वाहतं.

तरीही तुमचा गॅरेजवाला एका बाबतीत बरोबर आहे. समृद्धीवर ताशी १२० ने तासनतास चालवताना ऑइलचा थर जाड असलेला बरा. त्यासाठी बघायचा आकडा एचटीएचएस, म्हणजे १५० अंशांना जोरदार घासलं जात असताना मोजलेला दाटपणा. ३० ग्रेडला तो किमान २.९ हवा, ५डब्ल्यू-४० ला किमान ३.५. तुमच्या मॅन्युअलच्या तक्त्यात ५डब्ल्यू-४० आहेच, तेव्हा एपीआय एसपी असलेलं ५डब्ल्यू-४० टाकलंत तर माझी हरकत नाही. मायलेज किंचित उतरेल. मात्र ४० ग्रेडवर आयएलसॅकचं चिन्ह शोधत बसू नका, जीएफ-६ मध्ये ती ग्रेडच नाही. डब्याच्या मागच्या एपीआयच्या गोल चिन्हात एसपी वाचा.

ज्यांच्या मॅन्युअलमध्ये फक्त ०डब्ल्यू-२० आहे त्यांनी हा उतारा वाचून ४० टाकू नये.

लेबलवाचक
दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर: नाही, पुरे नाही. गट ३ च्या, म्हणजे खनिज तेलावर हायड्रोक्रॅकिंग करून बनवलेल्या बेस ऑइललाही फुल सिंथेटिक म्हणतात. ते वाईट नसतं, पण त्या शब्दावरून एलएसपीआयबद्दल काहीच कळत नाही. फुल सिंथेटिक एसएन आणि फुल सिंथेटिक एसपी एकाच शेल्फवर असतात. जुना माल थोडा स्वस्त लावलेला दिसतो, तो टर्बोसाठी उचलू नका.

युरोपियन गाड्यांना कंपनीचा नंबर आधी, ग्रेड नंतर. फोक्सवॅगन ५०४ ०० म्हणजे एचटीएचएस ३.५ च्या वर, ५०८ ०० म्हणजे २.६ च्या वर पातळ ०डब्ल्यू-२०. दोन्ही एकाच कंपनीचे नंबर, पण ५०२ ०० मागणाऱ्या जुन्या इंजिनात ५०८ ०० घालता येत नाही. डब्यावरचे शब्दही नीट वाचा. "अप्रूव्हल" म्हणजे गाडीच्या कंपनीने तपासून दिलेली मान्यता. "मीट्स" किंवा "सुटेबल फॉर" म्हणजे ऑइलवाल्याचा स्वतःचा दावा.

आणि फोर्डच्या १ लिटर इकोबूस्टवाल्यांनी, म्हणजे जुनी इकोस्पोर्ट अजून चालवणाऱ्यांनी, जास्त जपा. त्याचा टायमिंग बेल्ट ऑइलमध्ये बुडून चालतो. डब्ल्यूएसएस-एम२सी९४८-बी मान्यतेचं ५डब्ल्यू-२० सोडून दुसरं काही नको, आणि ऑइल वेळेवर बदला. पेट्रोल मिसळलेल्या ऑइलने बेल्टचं रबर फुगतं, त्याचे कण पंपाच्या गाळणीत अडकतात, मग प्रेशर पडतं आणि टर्बो व बेअरिंग दोन्ही जातात.

पिस्टनरिंग
वर्धारोड, तुमची डिपस्टिक तुम्हाला खरी गोष्ट सांगते आहे. ऑइल वाढत नसतं, त्यात पेट्रोल उतरतंय.

डायरेक्ट इंजेक्शनमध्ये पेट्रोल थेट सिलिंडरमध्ये फवारतात. इंजिन थंड असताना मिश्रणात पेट्रोल जास्त असतं, फवाऱ्यातलं काही पेट्रोल लायनरला चिकटतं आणि रिंगांवाटे खाली सम्पमध्ये जातं. ऑइल गरम झालं की ते उडून पीसीव्हीवाटे, म्हणजे इंजिनातली वाफ बाहेर काढणाऱ्या व्हॉल्व्हवाटे, परत इनटेकमध्ये जातं. पण ५ किमीत कूलंटचा काटा मध्यावर आला तरी ऑइल तोवर कोमटच असतं. म्हणून रोज थोडं साचतं आणि कधीच उडत नाही. सोबत ज्वलनाचं पाणीही साचतं. फिलर कॅपखाली पांढुरकी साय दिसेल. कूलंटची पातळी स्थिर असेल तर ती साय फक्त त्या पाण्याची आहे. कूलंट घटत असेल तर हेड गॅस्केट तपासा.

परिणाम असा की काही टक्के पेट्रोल मिसळलं की ३० ग्रेडचं ऑइल २० सारखं वागायला लागतं. तेलपाणी यांनी सांगितलेला एचटीएचएसचा आकडा नव्या ऑइलचा, तुमच्या सम्पमधल्या ऑइलचा नव्हे. एका अर्थी ५डब्ल्यू-४० च्या बाजूचं हे सर्वात भक्कम कारण आहे, पण ग्रेड वाढवून पेट्रोल जात नाही. मुदतच कमी करावी लागते: ५,००० किमी किंवा ६ महिने, जे आधी येईल ते. तुमच्या मॅन्युअलमध्ये कठीण वापराचा वेगळा तक्ता असेल. छोट्या फेऱ्या त्यात मोडतात, आणि १०,००० चा आकडा त्या तक्त्यासाठी नाही.

यात एक धोका लपलेला आहे तो नीट समजून घ्या. शहरात इंजिन थोडं ऑइल खातंय आणि तेवढंच पेट्रोल भरतंय, त्यामुळे डिपस्टिक "फुल" दाखवते. मग तुम्ही समृद्धीवर जाता, २ तासांत पेट्रोल उडून जातं आणि पातळी एकदम खाली येते. निघताना भरलेली गाडी पोचताना अर्धा लिटर कमी दाखवू शकते. म्हणून लांबच्या प्रवासाआधी पाहिलंत तसं परतल्यावरही पाहा. गाडी सपाट जागेवर, इंजिन बंद करून १० मिनिटं, दर वेळी तीच जागा.

पण लांब प्रवासानंतरही पातळी वरच राहिली किंवा वाढली, तर छोट्या फेऱ्यांना दोष देऊ नका. गळका इंजेक्टर किंवा हाय प्रेशर पंपाचं सील, या दोन गोष्टी तपासून घ्या.

सध्या वरच्या खुणेच्या वर आहे ना? तसंच समृद्धीवर नेऊ नका. पातळी क्रँकपर्यंत पोचली तर ऑइल घुसळून फेस होतो, फेसाला प्रेशर नसतं. शिवाय ते पीसीव्हीतून इंटरकूलरमध्ये जातं आणि व्हॉल्व्हवर जळून थर धरतं. आधी बदला.

टॉर्करेंच
बदलणारच आहात तर घरी करा किंवा समोर उभं राहून करून घ्या.

इंजिन ५-१० मिनिटं चालवून कोमट करा, उकळतं नको. गाडी नुसत्या जॅकवर ठेवून खाली शिरू नका, स्टँड लावा. फिलर कॅप आधी उघडा म्हणजे ऑइल सलग वाहतं. किमान १५ मिनिटं निथळू द्या. ड्रेन प्लगचा वॉशर दर वेळी नवा. जुना दबलेला वॉशर गळतो, मग लोक जास्त आवळतात आणि ॲल्युमिनियम सम्पचे आटे जातात. टॉर्क, म्हणजे आवळायचा जोर, मॅन्युअलमधलाच.

अख्खा फिरवून बसवायचा (स्पिन-ऑन) फिल्टर असेल तर त्याच्या रबरी रिंगेला नवं ऑइल चोळा, रबर टेकल्यावर हातानेच साधारण पाऊण फेरा. काडतूस पद्धतीचा असेल तर झाकणाची ओ-रिंग बदला, बहुतेक झाकणांवर टॉर्क छापलेला असतो. फिल्टरवर पैसे वाचवू नका. गाडी उभी असताना ऑइल परत सम्पमध्ये उतरू न देणारा व्हॉल्व्ह स्वस्त फिल्टरमध्ये लवकर कडक होतो, मग रोज सकाळी टर्बोला पहिले काही सेकंद ऑइल मिळत नाही.

३.६ पैकी आधी ३.२ लिटर ओता. इंजिन चालू करा आणि ऑइलचा लाल दिवा विझेपर्यंत ॲक्सिलरेटरला पाय लावू नका. मिनिटभर चालवून बंद, १० मिनिटं थांबा, मग खुणा बघत थोडं थोडं. खालच्या खुणेपासून वरच्या खुणेपर्यंत बऱ्याच गाड्यांत पाऊण ते एक लिटर असतं. पाऊण उंचीवर थांबलेलं बरं, तुमच्या वापरात पातळी वर जाणारच आहे.

फ्लश आणि ॲडिटिव्हच्या बाटल्या घेऊ नका. फ्लशने सुटलेला गाळ टर्बोला ऑइल पुरवणाऱ्या फीड पाइपच्या बारीक भोकात जाऊन बसतो. रिकामा कॅन भोक पाडूनच टाका, नाहीतर तोच पुन्हा भरून कुणाला तरी विकला जातो.

वर्धारोड
सगळ्यांचे मनापासून आभार. ५डब्ल्यू-४० एसपी घेतो आणि ५,००० ला बदलतो. अजून दोन शंका. लांबून आल्यावर गाडी किती वेळ आयडलला ठेवायची? आणि वाटेत कमी पडलं तर दुसऱ्या ब्रँडचं चालेल का?

तेलपाणी
शहरातल्या ५ किमीनंतर एक सेकंदही नको. आयडलने पेट्रोल मात्र अजून उतरेल.

समृद्धीवर वेगळं. पेट्रोलच्या टर्बोत शिरणारा धूर जोरात चालवताना ९०० अंशांच्या वर जातो. १२० वरून थेट पंपावर येऊन बंद केली तर टर्बाइनची उष्णता शाफ्टवाटे बेअरिंगमध्ये येते, तिथे थांबलेलं ऑइल भाजून कोळसा होतो आणि तोच फीड पाइप बुजवतो. शेवटचे १-२ किमी हळू आलात तर तेवढं पुरतं, नाहीतर मिनिटभर आयडल. अशा थांब्यावर स्टार्ट-स्टॉप बंद ठेवा. बंद केल्यावर पंखा किंवा कूलंटचा छोटा इलेक्ट्रिक पंप चालू राहिला तर चालू द्या. आणि कधी टर्बो बदलायची वेळ आलीच तर फीड पाइप आणि त्याचा बँजो बोल्ट (ऑइल आतून जाणारा पोकळ बोल्ट) नवा घ्या, जुना पाइप नवा टर्बोही मारतो.

टॉप-अपला दुसरा ब्रँड चालतो, एपीआयची इंजिन ऑइलं एकमेकांत मिसळतात. एसपी असावं, ग्रेड ५डब्ल्यू-३० किंवा ४०. वाटेत फक्त डिझेलचं मिळत असेल आणि पातळी खालच्या खुणेच्याही खाली असेल तर तेच अर्धा लिटर घाला, कोरडं चालवण्यापेक्षा ते कितीतरी बरं. मग वरच्या गिअरमध्ये कमी आरपीएमला पेडल दाबू नका, एक गिअर खाली घ्या, आणि घरी आल्यावर ऑइल बदला.