संक्रांतीला गरम काय? रुबार्ब क्रम्बल!

विषय: शनिवारचं हळदीकुंकू, गोड काय?

नमस्कार मंडळी,
शनिवारी साधारण चाळीस जण होतील. तिळगूळ आहेच, पण हॉल गारठलेला असतो, त्यामुळे गरम गोड हवं असं बऱ्याच जणांचं म्हणणं आहे. गुलाबजाम दिवाळीत झाले. काकू, तुमचं क्रम्बल हॉलवर जमेल का? अंडं चालणार नाही आणि ओव्हन एकच आहे.
— भोजन समिती

उत्तर: शनिवारचं हळदीकुंकू, गोड काय?

अरे, क्रम्बलमध्ये अंडं नसतंच! खाली फळ, वर मैदा-बटर-साखरेचा चुरा. दुसऱ्या महायुद्धात लोणी रेशनवर गेलं, पेस्ट्री परवडेना, तेव्हा हा प्रकार इथे ब्रिटनमध्ये घरोघरी रुळला असं सांगतात. (लोण्याचं रेशन १९५४ पर्यंत होतं, म्हणजे सवय लागायला भरपूर वेळ मिळाला.)

फळ रुबार्बच घ्या (खरं तर आंबट देठांची भाजी, पण गोडात फळासारखी वापरतात). रुबार्बसाठी प्रसिद्ध असलेलं वेकफिल्ड आपल्या उशाला, आणि अंधाऱ्या शेडमध्ये वाढवून मेणबत्तीच्या उजेडात काढलेला गुलाबी रुबार्ब जानेवारीतच येतो. आपल्या चुक्याच्याच कुळातला, तेव्हा आंबटपणाची कल्पना आली असेल. पानं मात्र विषारी, ती काढून टाका.

दहा जणांच्या एका ट्रेला किलोभर रुबार्ब, बोटभर लांबीचे तुकडे. त्यावर दीडशे ग्रॅम किसलेला गूळ आणि थोडं आलं. पाणी अजिबात नको, त्याचं त्यालाच सुटतं. १८० डिग्रीवर पंधरा मिनिटं. तुकडा सुरीने सहज कापला जावा, पण आकार राहावा.

चुऱ्याला २५० ग्रॅम मैदा, १५० ग्रॅम बटर, १०० ग्रॅम डेमेरारा (जाडसर तपकिरी) साखर, मूठभर ओट्स आणि संक्रांत आहे म्हणून ५० ग्रॅम तीळ. शंकरपाळ्यांना आपण कडकडीत मोहन घालतो, इथे नेमकं उलट: बटर फ्रिजमधून काढलेलं, गार. बोटांच्या टोकांनी चोळायचं, तळहात लावायचा नाही. रवाळ झालं, मध्ये वाटाण्याएवढे गोळे राहिले की थांबा. गूळ चुऱ्यात घालू नका, तो ओलसर असतो, चुरा कुरकुरीत होत नाही.

आता मुख्य गोष्ट. घरून पूर्ण करून, फॉइल लावून आणलेलं क्रम्बल मला मंजूर नाही. वाफ धरते आणि वरचा थर भिजतो. चुरा वेगळ्या ट्रेत पसरून सोनेरी होईपर्यंत भाजा, एकदा हलवा, पूर्ण गार झाला की डब्यात भरा. हॉलवर फक्त फळ गरम करायचं, वर चुरा पसरायचा आणि दहा मिनिटं उघडंच ओव्हनमध्ये. एका वेळी दोन ट्रे बसतात, म्हणजे दोन घाण्यांत काम होईल.
— काकू

उत्तर: शनिवारचं हळदीकुंकू, गोड काय?

काकू, आमच्या ह्यांना मुतखड्याचा त्रास आहे. डॉक्टरांनी पालक आणि रुबार्ब दोन्ही बंद केलंय. त्यांनी नुसता तिळगूळ खायचा का? आणि क्रम्बलवर ओतायच्या कस्टर्डमध्ये अंडं नसतं का?
— लीड्सहून

उत्तर: शनिवारचं हळदीकुंकू, गोड काय?

बरं झालं सांगितलंत, रुबार्बमध्ये ऑक्झलेट (ज्याचे मुतखडे होतात तो घटक) भरपूर असतं. एक ट्रे ब्रॅम्ली (शिजवायच्या आंबट) सफरचंदांचा करू. फोडी मोठ्या ठेवा, ते लगेच विरघळतं. गुळाऐवजी साखर, थोडी दालचिनी. चमचा वेगळा आणि ट्रेवर चिठ्ठी.

कस्टर्ड बर्ड्सच्या पावडरीचं करा. आल्फ्रेड बर्ड यांनी १८३७ मध्ये बर्मिंगहॅमला ती काढली तीच मुळी बायकोला अंडं सोसत नव्हतं म्हणून. फ्रिजमधलं तयार कस्टर्ड आणू नका, त्यात बहुधा अंडं असतं.
— काकू

उत्तर: शनिवारचं हळदीकुंकू, गोड काय?

ठरलं तर. रुबार्बचे तीन ट्रे, सफरचंदाचा एक. बटर आणि मैदा समिती आणेल. ज्यांना नट्सची किंवा तिळाची अ‍ॅलर्जी आहे त्यांनी गुरुवारपर्यंत कळवा, म्हणजे थोडा चुरा बिनतिळाचा ठेवता येईल.

चार लिटर दूध ऊतू न जाता मावेल एवढं पातेलं कुणाकडे आहे का? हॉलवरचं गणपतीनंतर दिसलेलं नाही.
— भोजन समिती