टाक्याप्रमाणे मंत्राची ताकद ठरावी

मंतरलेल्या अंगरख्याचा एक टाका तुटला की सगळी जादू संपते, हा शिंप्याच्या जादूकथेसाठी एका प्रतिसादात सुचवलेला नियम मला मनापासून आवडला. मात्र तो सर्व टाक्यांना सरसकट लावू नये. आमच्या नाशिककडे द्राक्षबागेत खताची गोणी उघडताना दोऱ्याचे नेमके टोक हाती लागले, तर शिवणीचे सारे फास एका ओढीत सुटतात, कारण ती साखळी टाक्याने शिवलेली असते आणि या टाक्यात प्रत्येक फास पुढच्या फासाने अडवलेला असतो. शिलाई मशीनच्या साध्या टाक्यात मात्र वरचा आणि बॉबिनचा (खालच्या छोट्या रिळाचा) दोरा कापडाच्या थरांत एकमेकांना धरून असतात, त्यामुळे एका जागी दोरा तुटला तरी उरलेली शिवण बऱ्यापैकी टिकते. साखळीने शिवलेल्या मंत्राचे टोक शत्रूपासून कुठे लपवायचे, हा प्रश्न कथेतल्या शिंप्यापुढे जरूर ठेवावा.