गहाण प्लॉटवर नंतर बांधलेले घर: एक शंका आणि तिचे उत्तर

सर्व सभासदांस सप्रेम नमस्कार.

सोलापुरात होटगी रस्त्याला माझ्या वडिलांच्या नावावर एक बिनशेती प्लॉट आहे. २०१४ साली टॉवेलच्या धंद्यासाठी कर्ज काढताना बाबांनी त्या प्लॉटचे मूळ खरेदीखत एका सहकारी बँकेत ठेवले. तेव्हा जागेवर बाभळीची दोन झुडपे आणि कोपऱ्यात हद्दीचा दगड याखेरीज काहीही नव्हते. पुढे आईला जुन्या वाड्याचा जिना चढवेना, म्हणून २०१८ पासून मी इथून पैसे पाठवत गेले आणि तिथे दोन खोल्यांचे, पुढे ओटा असलेले घर उभे राहिले. सिमेंट, सळई आणि गवंड्याची मजुरी यांची प्रत्येक पावती मी जपून ठेवली आहे. आता धंदा मंदावला, हप्ते थकले आणि गेल्या आठवड्यात बँकेची साठ दिवसांची नोटीस आली. तीत प्लॉटबरोबर ‘त्यावरील बांधकामासह’ असे शब्द आहेत. बाबा म्हणतात, गहाण मोकळ्या जागेचे होते, घर लेकीच्या पैशाचे आहे, त्याला बँक हात लावू शकत नाही. हे खरे आहे का? सोलापूरच्या कोर्टात वकिली केलेले काका या यादीवर आहेत. त्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.

आपली,
मंडळाची एक सभासद

*

ताई, नमस्कार.

तुमचे पत्र दोनदा वाचले. आईसाठी बांधलेल्या घराचा प्रश्न आहे, म्हणून आधी स्पष्टच सांगतो: बाबांचे म्हणणे कायद्यापुढे टिकणार नाही आणि त्या भरवशावर नोटिशीचे दिवस घालवू नका.

मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ याच्या कलम ७० प्रमाणे, गहाण ठेवल्यानंतर त्या मिळकतीत काही भर पडली आणि विरुद्ध करार झालेला नसला, तर तारणापुरता त्या भरीवरही गहाण घेणाऱ्याचा हक्क पोहोचतो. या कलमाखाली कायद्यानेच दोन उदाहरणे दिली आहेत. पहिले नदीकाठच्या शेताचे आहे: गाळ साचून शेत वाढले, तर वाढलेली जमीनही तारणात येते. सीना किंवा भीमेच्या काठी ज्यांची शेती आहे, त्यांना हे वेगळे समजावून सांगावे लागत नाही. दुसरे उदाहरण तर तुमचेच म्हणावे असे आहे: एकाने बांधकामाचा प्लॉट गहाण ठेवला आणि नंतर त्यावर घर बांधले, तर प्लॉट आणि घर दोन्ही तारण ठरतात. घर कोणाच्या पैशातून उभे राहिले, हे ते कलम विचारत नाही. तुमच्या पावत्या बाबांशी होणाऱ्या हिशेबात उपयोगी पडतील. बँकेपुढे त्यांचा आधार मिळणार नाही.

मात्र ‘तारणापुरता’ या शब्दाकडे नीट पाहा. घर बँकेच्या मालकीचे झालेले नाही. कर्ज, व्याज आणि खर्च फिटला की प्लॉटबरोबर घरही मोकळे होते, आणि उद्या विक्री झालीच तर येणे वजा जाता उरलेली रक्कम हक्कदाराला परत द्यावी लागते. आपल्याकडे गहाण म्हणजे जागा गेलीच असे समजून माणसे हातपाय गाळतात, त्याचे मला फार वाईट वाटते.

विरुद्ध करार आहे का, हे पाहण्यासाठी मंजुरीपत्र आणि दस्तऐवज ठेवल्याबद्दलचे टिपण मागवून घ्या. बहुधा त्यात ‘सध्याची व भविष्यातील बांधकामे’ अशी ओळ सापडेल. ती नसली तरी कलम ७० आहेच. बांधकाम वगळल्याचे स्पष्ट लिहिलेले असेल तरच बाबांची बाजू उभी राहते. शेडमधल्या यंत्रमागांची गोष्ट थोडी निराळी असते, कारण फरशीला बोल्टने आवळलेले यंत्र कायमसाठी बसवले होते की काढून नेण्यासाठी, हे प्रत्येक प्रकरणात तपासावे लागते. पायात दगड भरून बांधलेल्या भिंतींबद्दल तशी शंका राहत नाही.

बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊन विकू देणारा २००२ चा सरफेसी कायदा सहकारी बँकेला लागूच होत नाही, असेही तुम्हाला कोणी सांगेल. त्यावर विसंबू नका. ५ मे २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने, महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात, तो सहकारी बँकांनाही लागू असल्याचा निर्णय दिला आहे. नोटिशीला लेखी हरकत घेतली, तर बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावे लागते. रकमेचा हिशेब चुकला असेल, तर ती हरकत आताच घ्या. पूर्ण रक्कम भरून मिळकत सोडवायची असेल, तर २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची जाहीर नोटीस प्रसिद्ध होण्यापूर्वीच भरावी लागते. लिलावाच्या सकाळी पैसे घेऊन धावण्याची जुनी सवय आता घर घालवील.

आता सर्वांत महत्त्वाचे. बँकेचे सगळे येणे तुम्हीच भरणार असाल, तर घर बांधताना जी चूक झाली ती पुन्हा करू नका. कलम ९२ प्रमाणे, एखाद्याने दिलेल्या पैशातून गहाण फिटले आणि गहाण ठेवणाऱ्याने तसे नोंदणीकृत दस्ताने कबूल केलेले असले, तर पैसे देणारा बँकेच्या जागी उभा राहतो आणि त्या मिळकतीवर त्याचा हक्क बसतो. नुसते पैसे पाठवले, तर तुमच्या हाती पुन्हा पावत्याच राहतील. बापलेकीत कसला दस्त, असे बाबांना वाटेल. त्यांना सांगा की उद्या दुसरा कोणी सावकार या घरावर येऊ नये, म्हणूनच हा कागद हवा.

आपला,
काका

*

काका, नमस्कार.

बाबांनी रात्री लोखंडी कपाटातून कागद काढून फोटो पाठवले. टिपणाच्या दुसऱ्या पानावर, शिक्क्याच्या निळ्या शाईखाली अर्धवट झाकलेली, ‘त्यावर पुढे होणाऱ्या बांधकामासह’ अशी ओळ आहे आणि शेजारी बाबांची सही आहे. त्यांनी ती कधी वाचलीच नव्हती. काही वेळ ते फोनवर बोललेच नाहीत. रक्कम मीच भरणार आहे आणि दस्ताला ते तयार झाले आहेत. मसुदा तुम्ही एकदा नजरेखालून घालाल का? आणि बँकेकडून खरेदीखत परत घेण्यास किती दिवस लागतील?

*

ताई, मसुदा जरूर पाठवा. दस्ताची नोंदणी आधी आणि बँकेत भरणा नंतर, हा क्रम मात्र मोडू नका. रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०२३ च्या आदेशात, कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ दस्तऐवज परत देणे आणि बोजा उतरवणे, आणि बँकेकडून विलंब झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असे आहे; पण तो आदेश वैयक्तिक कर्जांपुरता आहे आणि बाबांचे कर्ज धंद्याचे आहे, म्हणून त्या मुदतीवर विसंबू नका, कागद कधी मिळतील ते बँकेकडून लेखी घ्या. कागद घेताना खरेदीखताचे प्रत्येक पान मोजून घ्या, आणि उताऱ्यावर बोजा चढलेला असेल तर तो कमी झाल्याचा नवा उतारा हाती येईपर्यंत बाबांना चकरा मारायला लावा.