मदत हवी आहे: गेम सकाळी चालतो, संध्याकाळी बंद पडतो

मी चोपडा तालुक्यातल्या गावात राहतो. डेस्कटॉप चार वर्षांचा: ६ जीबीचं ग्राफिक्स कार्ड, १६ जीबी रॅम, ४५० वॅटचा पॉवर सप्लाय, विंडोज १०. सकाळी गेम दोन-दोन तास मस्त चालतो. संध्याकाळी सातनंतर मात्र दहा-पंधरा मिनिटांत काहीच न सांगता थेट डेस्कटॉपवर येतो, आणि कधी कधी तर अख्खा पीसीच रिस्टार्ट होतो. इव्हेंट व्ह्यूअरमध्ये (विंडोजच्या नोंदवहीत) रिस्टार्टच्या वेळी कर्नल-पॉवर ४१ दिसतं, म्हणजे पीसी नीट शटडाउन न होताच बंद पडला; नुसता गेम बंद पडला की ॲक्सेस व्हायोलेशन, म्हणजे प्रोग्रामने मनाई असलेल्या मेमरीला हात लावला.

ग्राफिक्सचा ड्रायव्हर पूर्ण काढून नवा टाकला, गेमच्या फाइल्स व्हेरिफाय केल्या, एक्सएमपी (रॅम जास्त वेगाने चालवायची सेटिंग) बंद केलं, रात्रभर मेमटेस्ट (रॅमची तपासणी) चालवली. एकही एरर नाही. कार्डचं तापमान ७५च्या वर जात नाही. (हो, धूळ साफ केली आहे. मार्चपासून आमच्याकडे तेवढंच काम असतं.)

संध्याकाळी व्होल्टेज १८० पर्यंत उतरतं, म्हणून मला लाईटवरच संशय आहे. पॉवर सप्लायवर २००-२४० व्होल्ट लिहिलंय. यूपीएस नाही. दुकानदार मात्र न तपासताच म्हणतो, "कार्ड बदली टाक भो."

गेम ९० जीबीचा आहे, मोबाइलच्या नेटवर पुन्हा उतरवणं जमणार नाही. दुसरा पॉवर सप्लायही हाताशी नाही. रिस्टार्टचं कारण कमी व्होल्टेज असेल, हे पटतं. पण त्यामुळे नुसता गेमही असा बंद पडू शकतो का, की ते दुखणं वेगळं? आणि आधी काय घ्यावं: स्टॅबिलायझर, की १००-२४० व्होल्टवर चालणारा पॉवर सप्लाय?