‘लेंटॉइड’ खड्याला मराठीत काय म्हणावं: भिंगाकार की मसुराकार?

प्रश्न: आमच्या पुण्यातल्या इतिहासप्रेमी गटासाठी ग्रीसमधल्या क्रीट बेटावरच्या कांस्ययुगीन कोरीव खड्यांवर टिपण लिहिते आहे. गोल, दोन्ही बाजूंनी फुगीर, कडेला निमुळता होत गेलेला खडा म्हणजे ‘लेंटॉइड’. भूमितीत दोन वर्तुळं एकमेकांना छेदली की मधल्या सामाईक भागालाही लेन्स म्हणतात. दोन्हीकडे ‘भिंगाकार’ चालेल का?

उत्तर: ताई, भूमितीत खुशाल ‘भिंगाकृती’ म्हणा. ‘बहिर्वक्र भिंग’ शाळेपासून सगळ्यांच्या ओळखीचं, आणि ती आकृती म्हणजे त्याचा उभा छेदच. दोन समान वर्तुळं एकमेकांच्या केंद्रांतून गेली, तर तिची लांबी रुंदीच्या √३, म्हणजे सुमारे १.७३ पट भरते.

खड्यांना मात्र भिंगाकार म्हणू नये, असं मला ठामपणे वाटतं. भिंग म्हटलं की आरपार बघणं आलं. हे खडे अकीकाचे, जास्परचे, कार्नेलियनचे. त्यांतून काही बघायचं नव्हतं. ओल्या मातीत ठसा उमटवायचा होता. आडवं भोक पाडून, दोरा ओवून ते अंगावर वागवत. शिवाय लॅटिनमध्ये ‘लेन्स’ म्हणजे मसूरच. काचेच्या भिंगाला ते नाव आकारावरून मागाहून मिळालं. तेव्हा ‘मसुराकार’च लिहा. फक्त पहिल्या वेळी ‘अख्ख्या मसुरासारखा’ अशी फोड करा, कारण मसूरडाळ एका बाजूने सपाट असते आणि इथे दोन्ही बाजूंचा फुगवटा महत्त्वाचा.

प्रश्न: पटलं. मग लांबट, म्हणजे ‘अमिग्डलॉइड’ खड्यांना ‘बदामाकार’ म्हणू ना?

उत्तर: तिथे जरा जपून. ग्रीसमध्ये पिलॉसच्या थडग्यात २०१५ साली मिळालेला अकीक या जातीचा. लांबी जेमतेम ३.६ सेंटिमीटर, आणि तेवढ्यात एक योद्धा ढालवाल्या शत्रूच्या मानेत तलवार खुपसतोय, तिसरा पायाशी पडलाय. काही बारकावे तर अर्ध्या मिलिमीटरचे! असा खडा ‘बदामाकार’ म्हटला तर मराठी वाचकाला पत्त्यातला बदाम दिसणार. ‘बदामी’ म्हणावं, तर तो रंग झाला. मी ‘बदामबीसारखा’ लिहीन.

आणखी एक: ‘बदामबी’ भूविज्ञानातही उपयोगी पडेल. वाघोलीकडच्या खाणींत बेसाल्टच्या पोकळ्या भरून खनिजांच्या गाठी बसलेल्या दिसतात, त्यांचं ‘अमिग्ड्यूल’ हे शास्त्रीय नावही ‘अमिग्डलॉइड’सारखं बदामाच्या ग्रीक शब्दावरूनच आलंय.