निकाल कोर्टात नेला म्हणजे रडीचा डाव?

भडंगवाला, सांगली
पालकांच्या ग्रुपवर काल एकानं टाकलं : 'स्पर्धेचा निकाल कोर्टात नेणारे आईबाप पोरांना रडीचा डाव शिकवतात. परीक्षक म्हणेल ते प्रमाण.' खाली अंगठ्यांची रांग. डोकं फिरलं, म्हणून लांबड लावतोय.

माझी पोरगी आंतरशालेय समूहनृत्यात होती. तीन परीक्षक. त्यातल्या एका बाईंचा स्वतःचा क्लास, आणि पहिला नंबर त्याच क्लासच्या पोरींचा. गुणपत्रक मागितलं तर म्हणे गोपनीय! आता दाद मागायची कुठं? केरळात शालेय कलोत्सव १९५७ पासून चालतो, तिथं पैसे भरून अपील करायची रीतसर सोय आहे. तिथले आईबाप काय रडे आहेत?

कंदीपेढा, सातारा
केरळचं सोयीचं तेवढंच सांगितलंत. अपिलावर आलेल्या पोरांमुळं तिथले कार्यक्रम रात्र रात्र लांबतात. डिसेंबर २०२२ मध्ये तिथल्या उच्च न्यायालयानं अशा याचिका फेटाळल्या आणि पोरांना हार पचवायला शिकवा म्हणून पालकांनाच सुनावलं. शिवाय तिथं कलोत्सवाच्या श्रेणीवर ग्रेस मार्क मिळतात. भांडण कलेचं नाही, मार्कांचं आहे.

भडंगवाला
आणि आपल्याकडं? इंटरमिजिएट ड्रॉइंगला ए श्रेणी आली की दहावीला ७ गुण. तुमच्या पोरांनी ते नाकारले वाटतं?

काळा कोट, मिरज
दोघंही थांबा जरा. घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका घेऊन गेलात तरी न्यायमूर्ती काही पदन्यास मोजत बसणार नाहीत. 'आमची पोरगी चांगली नाचली' याला तिथं शून्य किंमत. नियम मोडला, पक्षपात झाला, असं दाखवता आलं तरच ऐकतील. बाईंच्या क्लासचा मुद्दा त्यात बसू शकतो. पण स्पर्धा खासगी मंडळाची असेल तर रिटचं दार जवळपास बंदच समजा. बाकी ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आहे, मुंबईची एसटी वाचली एवढंच. तारखा पडत पोरगी बारावीला जाईल.

कंदीपेढा
मूळ दुखणं वेगळंच आहे. सांगलीकरांना हरणं जमतच नाही, नाट्यपंढरी ना! आम्ही एकदा बालनाट्य घेऊन तुमच्याकडं आलो होतो. आमच्या प्रयोगाला निम्मे स्पॉट बंद, स्थानिक शाळेच्या वेळी सगळे चालू. आम्ही गेलो का कोर्टात? गपगुमान वडापाव खाऊन परत आलो.

भडंगवाला
नाट्यपंढरी आहेच! १८४३ ला विष्णुदास भाव्यांनी 'सीता स्वयंवर' इथं केलं. साताऱ्यात तेव्हा काय चाललं होतं?

कंदीपेढा
त्याच्या दीडशे वर्षं आधी तंजावरच्या शहाजीराजांनी मराठी नाटकं लिहिली. भोसल्यांनी!

भडंगवाला
तंजावरचे भोसले साताऱ्याचे कधी झाले?

कंदीपेढा
चुलत घराणं.

भडंगवाला
मग चुलत पंढरी म्हणा!

हळदीचं पोतं, सांगली
पंढरीचं नंतर बघा. मी पाच-सहा शाळांच्या गॅदरिंगला परीक्षक होतो. नारळ, शाल आणि पाकिटात दोनशे रुपये. एकदा मुख्याध्यापकांनी कानात सांगितलं, संस्थाचालकांचा नातू तिसऱ्या नंबरला आहे, बघून घ्या. मी पाचवा दिला. पुन्हा बोलावलं नाही. गुणपत्रक त्याच दिवशी भिंतीवर लावा, कोण कोर्टात जातंय!

कंदीपेढा
बरं, भिंतीवर लावा. एवढं मान्य. आणि क्लासवाल्या बाई परीक्षक नकोत, तेही मान्य, हळदीच्या पोत्यानं सांगितलं म्हणून. भडंगवाल्यांच्या आरडाओरड्यामुळं नाही.

भडंगवाला
मोठे उपकार झाले.

कंदीपेढा
पण पोरगी काय म्हणते? तिला विचारलंत का?

भडंगवाला
तिनं जूनपासून त्याच बाईंचा क्लास लावलाय. फी मीच भरतोय.